आई-बाबांचा अमेरिकेचा व्हिजिटर व्हिसा: डीएस-१६० फॉर्म त्यांना शेजारी बसवून कसा भरायचा

आमच्याकडे पहिल्यांदा आई-बाबांचा फॉर्म दादाने भरला, तिकडे अमेरिकेत बसून, ऑफिसवरून आल्यावर, तेव्हा इकडे हे दोघं झोपलेले. पासपोर्टचे फोटो त्याच्याकडे व्हॉट्सॲपवर होतेच, बाकी माहिती पाठ, दीड तासात दोन्ही फॉर्म सबमिट. मग अमेरिकन वकिलातीत इंटरव्ह्यूच्या दिवशी खिडकीवर बाबांना विचारलं किती दिवस राहणार, बाबा म्हणाले दोन महिने, कारण आईला गणपतीच्या आत परत यायचं होतं, आणि फॉर्मवर दादाने सहा महिने टाकलेले कारण सगळे सहाच टाकतात. पुढचा प्रश्न, खर्च कोण करणार. बाबा म्हणाले माझी पेन्शन आहे. फॉर्मवर दादाचं नाव. दोघांपैकी कुणीच खोटं बोललं नव्हतं, पण पासपोर्ट परत मिळाले आणि सोबत २१४ (बी) लिहिलेला कागद, म्हणजे व्हिसा नाकारला. नेमकं तेवढ्यामुळेच झालं का हे कुणी सांगत नाही, पण घरी आल्यावर बाबा म्हणाले, "अगं, त्या फॉर्मात काय लिहिलंय ते मला माहीतच नव्हतं." ते मला फार लागलं. दुसऱ्या वेळी मी त्यांना शेजारी खुर्ची देऊन बसवलं, एकेक प्रश्न वाचून दाखवला, आणि त्या वेळी व्हिसा मिळाला. आता नात्यात कुणाचे आईवडील निघाले की मला फोन येतो, म्हणून म्हटलं एकदा नीट लिहूनच काढू.

आधी हे २१४ (बी) काय ते सांगते, म्हणजे फॉर्मकडे बघायची नजर बदलते. अमेरिकेच्या कायद्यातलं ते कलम आहे, त्यात असं धरून चालतात की येणारा माणूस कायमचा राहायलाच येतोय, आणि तसं नाही हे अर्जदाराने पटवून द्यायचं. इंटरव्ह्यू दोन-चार मिनिटांचा असतो, आपण नेलेली फाइल बऱ्याचदा उघडतही नाहीत, ऑफिसरसमोर स्क्रीनवर असतो तो हाच फॉर्म. म्हणजे जे काही पटवायचं ते अर्धं इथेच लिहून झालेलं असतं.

बसायच्या आधी काय काय गोळा करायचं? दोघांचे पासपोर्ट, जुने रद्द झालेले पण, कारण त्यात मागच्या व्हिशाचे आणि प्रवासाचे शिक्के असतात. मागच्या ५ वर्षांत कुठल्या देशांत जाऊन आले ती यादी. मुलाचा किंवा मुलीचा तिकडचा पूर्ण पत्ता झिप कोडसकट, फोन, ईमेल, आणि ते तिकडे कशावर आहेत, म्हणजे एच-१बी (नोकरीचा व्हिसा), ग्रीन कार्ड की सिटिझन. रिटायर झालेल्यांसाठी शेवटच्या ऑफिसचं नाव, पत्ता, लागल्याची आणि निवृत्तीची तारीख. शाळा-कॉलेजची नावं आणि सालं. आजी-आजोबांची नावं. हे सगळं एका वहीत लिहून घ्या, आणि ती वही आईबाबांनीच लिहिली तर सगळ्यात उत्तम, लिहिता लिहिता त्यांना आठवतं.

आता साइट. फॉर्म अमेरिकेच्या स्टेट डिपार्टमेंटच्या साइटवरच भरायचा, सीईएसी डॉट स्टेट डॉट जीओव्ही, शेवटी जीओव्ही आहे ना ते बघा. फॉर्म भरायला पैसे लागत नाहीत, फी वेगळी आणि नंतर. सर्च केल्यावर वरती हुबेहूब दिसणाऱ्या साइट येतात आणि फॉर्मसाठी कार्ड नंबर मागतात, तिथून सरळ बाहेर पडा. सुरुवातीला ठिकाण निवडायचं, आपल्याकडचे बहुतेक जण मुंबई निवडतात, खालचा कोड टाइप करायचा आणि 'स्टार्ट ॲन ॲप्लिकेशन' दाबायचं.

पुढच्या पानावर एक नंबर येतो, एए ने सुरू होणारा. हा नंबर लगेच वहीत लिहा. एए च्या पुढे दिसतात ते शून्य आहेत, ओ अक्षर नाही, पुष्कळ लोक इथेच अडकतात आणि मग फॉर्म उघडत नाही म्हणून घाबरतात. सोबत एक सिक्युरिटी प्रश्न निवडायचा असतो, त्याचं उत्तर जसं टाइप केलं तसंच्या तसं लिहून ठेवा. नंतर फॉर्म परत उघडायला हा नंबर, आडनावाची पहिली पाच अक्षरं, जन्मसाल आणि ते उत्तर लागतं. आणि २० मिनिटं काही हालचाल केली नाही तर साइट बाहेर काढते, सेव्ह न केलेलं जातं. आईबाबांबरोबर भरताना २० मिनिटं कशी जातात कळत नाही, एक तारीख शोधायला कपाट उघडलं की अर्धा तास. म्हणून प्रत्येक पान झालं की खाली सेव्ह. एका बैठकीत संपवायचा हट्ट नको, अर्धवट फॉर्म साइटवर ३० दिवस राहतो, जास्त वेळ लागणार असेल तर त्याची फाइल कॉम्प्युटरवर उतरवून घ्यायची सोय आहे, ती नंतर अपलोड करून पुढे चालू.

नावाचं पान सगळ्यात सोपं वाटतं आणि मला विचाराल तर सगळ्यात जास्त वेळ इथेच द्या. नियम एकच, पासपोर्टवर जसं आहे तसं. घरात काय म्हणतात, आधारवर काय आहे, बँकेत काय आहे, काही संबंध नाही. सरनेमच्या रकान्यात पासपोर्टवर सरनेमसमोर जे छापलंय ते, गिव्हन नेममध्ये तिथे छापलेलं सगळं, वडिलांचं किंवा नवऱ्याचं नाव मध्ये असेल तर तेही धरून. काही जुन्या पासपोर्टवर सरनेम रिकामं असतं आणि पूर्ण नाव गिव्हन नेममध्येच कोंबलेलं असतं, तसं असेल तर ते पूर्ण नाव फॉर्मच्या सरनेममध्ये टाकायचं आणि गिव्हन नेममध्ये एफएनयू (फर्स्ट नेम अननोन) अशी तीन इंग्रजी अक्षरं. त्याखाली आपल्या लिपीत पूर्ण नाव मागतात, तिथे देवनागरीत टाइप करा. अख्ख्या फॉर्ममध्ये इंग्रजी सोडून दुसरी लिपी चालते ती फक्त या एका ठिकाणी.

मग येतो प्रश्न, दुसरं कुठलं नाव कधी वापरलंय का. आपल्या आयांसाठी याचं उत्तर बहुतेक वेळा 'यस' असतं, आणि लोक सवयीने 'नो' दाबतात. माहेरचं आडनाव तर आहेच, पण आपल्याकडे लग्नात नाव पण बदलायचे. आईचं शाळेच्या दाखल्यावरचं नाव आणि पासपोर्टवरचं नाव, दोन्हीत एक शब्दही सारखा नाही, वेगळं नाव, वेगळं मधलं नाव, वेगळं आडनाव. ते माहेरचं पूर्ण नाव इथे लिहायचं. मी तिला ते विचारलं तेव्हा ती क्षणभर थांबली, मग स्पेलिंग सांगायला लागली, आणि म्हणाली हे नाव चाळीस वर्षांत कुणी विचारलं नव्हतं.

जन्मतारीख पण तशीच. त्या पिढीत कितीतरी जणांची तारीख १ जून आहे कारण शाळेत घालताना मास्तरांनी ती लावली, खरी तिथी श्रावणातली. फॉर्मवर पासपोर्टची. खिडकीवर विचारलं तरी पासपोर्टचीच सांगायची, हे बाबांना दोन वेळा सांगून ठेवा, नाहीतर ते मोकळ्या मनाने अख्खी गोष्ट सांगायला बसतात.

प्रवासाच्या पानावर कारणासाठी बी निवडायचं आणि त्यात बी१/बी२, म्हणजे बिझनेस आणि टुरिझम एकत्र, आईवडील मुलांना भेटायला जातात ते यातच. नक्की प्रवास ठरलाय का असं विचारतात, तिकीट काढलेलं नसेल तर 'नो', आणि व्हिसा हातात यायच्या आधी तिकीट काढूच नका. 'नो' म्हटलं की अंदाजे तारीख आणि किती दिवस राहणार एवढंच मागतात. हा आकडा कृपा करून आईबाबांना विचारून टाका! दोन महिने तर दोन महिने, मुलीच्या बाळंतपणाला जाणार म्हणून पाच महिने असेल तर पाच, पण जो आकडा इथे असेल तोच त्यांच्या तोंडून सहज यायला पाहिजे. सहा महिने लिहिले म्हणजे सहा महिने मिळतात असं काही नाही, किती दिवस राहायचं ते तिकडे उतरल्यावर विमानतळावरचा अधिकारी ठरवतो, व्हिशावर १० वर्षं लिहिलेलं असलं तरी. खर्चाचं पण तसंच. बाबा स्वतः करणार असतील तर सेल्फ, मुलगा करणार असेल तर 'अदर पर्सन' आणि त्याची माहिती. दोन्ही चालतं. जे खरं ते लिहा आणि घरात सगळ्यांनी तेच धरा.

सोबत कोण जातंय त्यात एकमेकांची नावं टाकायची, बाबांच्या फॉर्मवर आई आणि आईच्या फॉर्मवर बाबा.

त्यानंतर एक पान आहे ज्याला मी सगळ्यात जास्त जपते, मागच्या अमेरिकेच्या प्रवासाचं आणि व्हिशाचं. व्हिसा कधी नाकारला होता का, असं सरळ विचारतात. आमचा नाकारलेला होता, मी 'यस' केलं, महिना, साल आणि २१४ (बी) एवढं छोटंसं लिहिलं, बस. ओळखीतल्या एका मावशींना एजंटने सांगितलं होतं की जुनं आहे, 'नो' टाकतो, कुणाला कळतंय. त्यांच्याकडे सगळी नोंद असते. नकार ही काही मोठी गोष्ट नाही, कितीतरी जणांना दुसऱ्यांदा मिळतो, पण चुकीची माहिती दिली असं ठरलं तर ते आयुष्यभर मागे लागू शकतं, त्यामुळे इथे कुणाचंही ऐकू नका. याच पानावर खाली विचारतात की तुमच्यासाठी कुणी इमिग्रंट पिटिशन केलंय का. आईला विचारल्याशिवाय याला हात लावू नका, कारण अमेरिकेतल्या एखाद्या मामाने पंधरा वर्षांपूर्वी बहिणीसाठी ग्रीन कार्डचा अर्ज टाकलेला असतो आणि घरात सगळे विसरून गेलेले असतात. असेल तर 'यस'.

पत्ता, फोन, ईमेल सरळ आहे. मागच्या ५ वर्षांत वापरलेले दुसरे नंबर आणि ईमेल पण विचारतात. सोशल मीडियाचा प्रश्न २०१९ पासून आहे, मागच्या ५ वर्षांतली अकाउंट, फक्त नाव, पासवर्ड मागत नाहीत आणि कुणी मागितला तर द्यायचा नाही. बाबा म्हणाले माझं काही नाही, मग आईने आठवण करून दिली की भाच्याने काढून दिलेलं फेसबुक आहे, त्यावर ते रोज सकाळी फुलांचे फोटो टाकतात. ते लिहिलं. खरंच काही नसेल तर यादीत 'नन' आहे.

पासपोर्टच्या पानावर बुक नंबर मागतात, आपल्या पासपोर्टला तो वेगळा नसतो, 'डझ नॉट अप्लाय'वर टिक. कुठे काढला तिथे पासपोर्टवरचं प्लेस ऑफ इश्यू. तारखांमध्ये महिना यादीतून निवडायचा असतो, जून-जुलै बोट सटकून चुकतं, तेवढं परत बघा.

अमेरिकेतला संपर्क म्हणजे मुलगा किंवा मुलगी, त्यांचा पत्ता त्यांच्या एखाद्या बिलावरून उतरवा, आठवणीतून नको. कुटुंबाच्या पानावर आईबाबांच्या आईवडिलांची नावं लागतात, ते हयात नसले तरी. त्यांची जन्मतारीख माहीत नसेल तर 'डू नॉट नो' आहे, उगाच अंदाजाने साल टाकू नका. मग विचारतात जवळचं कुणी अमेरिकेत आहे का, यात नवरा-बायको, मुलं आणि सख्खी भावंडं येतात. मुलगा आहे तर 'यस', आणि त्याचं स्टेटस, एच-१बी असेल तर नॉनइमिग्रंट, म्हणजे तात्पुरता राहणारा. मुलगा तिकडे आहे हे सांगितलं तर व्हिसा देणार नाहीत अशी भीती आत्याला पण होती. अहो, वरच्याच पानावर त्याचा पत्ता दिलाय आपण, त्याला भेटायला तर चाललोय, लपवायचं काय त्यात.

नोकरीत बाबांसाठी रिटायर्ड, आईसाठी होममेकर. मागची नोकरी विचारतात तिथे लोक म्हणतात की निवृत्त होऊन दहा वर्षं झाली मग 'नो', पण तिथल्या सूचनेत नोकरीत असतानाची शेवटची ५ वर्षं असं आहे, त्यामुळे शेवटचं ऑफिस लिहा. साहेबांचं नाव आठवत नसेल तर 'डू नॉट नो' चालतं. काय काम करत होता याच्या चौकटीत दोन साधी वाक्यं, बाबांच्याच शब्दांत, मी फक्त इंग्रजी केलं. ३२ वर्षं पाणीपुरवठा खात्यात, शेवटी एवढ्या गावांच्या योजनांवर देखरेख, असं. हे लिहिताना बाबा ताठ बसले होते. शिक्षणात दहावी-अकरावी झालेली असेल तरी 'यस' करून शाळेचं नाव. क्लॅन किंवा ट्राइब विचारतात तिथे जात विचारत नाहीयेत, आपल्यापैकी बहुतेकांसाठी ते 'नो'. भाषांमध्ये मराठी आधी लिहा, येतात तेवढ्या बाकीच्या.

सिक्युरिटीची पानं पाच आहेत, सगळे हो-नाहीचे प्रश्न, आजार, अटक, ड्रग्ज, दहशतवाद, व्हिशाचे नियम मोडणं. वाचायला विचित्र वाटतात आणि सगळीकडे पटापट 'नो' दाबावंसं वाटतं. तरी एकेक वाचून दाखवा. कधी अटक झाली होती का या प्रश्नाला एका काकांनी सांगितलं की आणीबाणीत सत्याग्रह केला होता, १९७५ साली, काही दिवस आत होते. मुलाला ही गोष्ट माहीत होती, पण फॉर्म भरताना डोक्यातच आली नाही. त्यांनी 'यस' करून खालच्या चौकटीत दोन ओळी लिहिल्या, आणि कागदपत्रं जेवढी होती तेवढी सोबत घेतली.

फोटो चौकोनी लागतो, ६०० बाय ६०० पासून १२०० बाय १२०० पिक्सेलपर्यंत, जेपेग, २४० केबीच्या आत, मागे पांढरं, ६ महिन्यांच्या आतला, आणि चष्मा काढून. स्टुडिओत जाताना अमेरिकेच्या व्हिशाचा दोन बाय दोन इंच असं सांगा आणि फाइल पण मागून घ्या.

शेवटी रिव्ह्यू. इथे घाई करू नका, दुसऱ्या दिवशी करा. पासपोर्ट आईच्या हातात द्या आणि तुम्ही स्क्रीनवरून मोठ्याने वाचा, ती पासपोर्टवर बोट ठेवून बघेल. आमची एक चूक अशीच सापडली, पासपोर्ट नंबरात ८ आणि ३ ची अदलाबदल. मग सही करायच्या पानावर विचारतात, फॉर्म भरायला कुणी मदत केली का. 'यस' म्हणा आणि तुमचं नाव, पत्ता, नातं लिहा, मुलाने-मुलीने मदत केली यात काही गैर नाही. पण 'साइन अँड सबमिट'चं बटण ज्याचा फॉर्म त्यानेच दाबायचं, मदत कुणीही केलेली असो. बाबांचा हात माउसवर नीट बसत नाही, तरी मी त्यांनाच दाबू दिलं.

सबमिट झालं की बारकोडचं कन्फर्मेशन पान येतं, ते प्रिंट करा, बारकोड स्पष्ट आला पाहिजे, दोन प्रती काढा, आणि पूर्ण फॉर्म स्वतःला ईमेल करून ठेवा. आभाराच्या पानावर कुटुंबातल्या दुसऱ्याचा फॉर्म सुरू करायचा पर्याय दिसतो, त्यात पत्ता वगैरे आपोआप येतो, आईचा फॉर्म तिथूनच सुरू करा, फक्त काय काय उतरून आलंय ते तपासा.

त्यानंतर अपॉइंटमेंटच्या साइटवर प्रोफाइल, तिथे हाच एए वाला नंबर, मग फी. १७ जून २०२३ पासून बी१/बी२ ची अर्ज फी माणशी १८५ डॉलर आहे, आधी १६० होती, आणि व्हिसा नाकारला तरी परत मिळत नाही. तारखा दोन घ्यायच्या असतात, आधी बोटांचे ठसे आणि फोटो, मग इंटरव्ह्यू, मुंबईचा बीकेसीत. सबमिट केल्यावर चूक दिसली तर तो फॉर्म दुरुस्त होत नाही, नवा भरायचा, जुन्यातली माहिती ओढून घेता येते. मात्र नवा नंबर येतो, तो प्रोफाइलमध्ये वेळेत बदलून घ्या, दोन्हीकडे एकच नंबर पाहिजे, आणि नवीनच कन्फर्मेशन घेऊन जायचं.

इंटरव्ह्यूच्या दोन दिवस आधी तो ईमेल केलेला फॉर्म प्रिंट करून आईबाबांच्या हातात द्या. पाठांतर नको, परीक्षा घेऊ नका, नुसतं त्यांच्याशी मराठीत त्यावर बोला, किती दिवस जाणार, दादा काय करतो, घर कोण बघणार. इंग्रजी येत नाही म्हणून आई धास्तावली होती, पण तिथे आपल्या भाषेत बोलायची सोय असते, तसं आधीच सांगायचं. मोबाइल आत नेता येत नाही, त्यामुळे दादाचा नंबर आणि पत्ता कागदावर. बाबांनी तो कागद शर्टाच्या खिशात ठेवला होता, आणि त्यांना पहिलाच प्रश्न आला, किती दिवस राहणार. ते म्हणाले दोन महिने, गणपतीला घरी परत.